अधिक श्रावणातल्या कोंबड्या

विमलताईंच्या माहेरी, केळापूरला, चार पिढ्यांत मांस शिजलं नव्हतं. आजोबांनी गुरू केला तेव्हा बाटली आणि बोकड दोन्ही एकाच दिवशी सुटले, ते सुटलेच. अंगणात कुणाच्या पिशवीतून अंडं पडून फुटलं तरी ती जागा शेणानं सारवून घ्यायची, अशी त्या घरची रीत. अशा घरची मुलगी बोरी अरबजवळच्या गावात नानाजींना दिली, आणि नानाजी दर रविवारी खाणारे निघाले. भांडणात वर्ष गेलं, मग तोडगा निघाला. स्वयंपाकघर विमलताईंचं, गोठा नानाजींचा. गोठ्यात तीन दगडांची चूल, एक जर्मनचं पातेलं आणि मिठा-तिखटाचे वेगळे डबे. नानाजी स्वतः शिजवायचे, तिथंच खायचे, अंघोळ करायचे आणि मगच उंबरठा ओलांडायचे. तीस वर्षं दोघांनी हा करार पाळला.

आज याच विमलताई तीन हजार ब्रॉयलर कोंबड्यांचं शेड सांभाळतात. तालुक्यात कुणी नवीन शेड टाकलं की कंपनीचा सुपरवायझर रजत त्याला मोटारसायकलवर बसवून आधी त्यांच्याकडे आणतो. म्हणतो, "काकू कशा करते ते पाहून घ्या. मले विचारू नका."

शेड खरं तर कपिलनं, त्यांच्या एकुलत्या एका मुलानं टाकलं होतं. वाण्याच्या दुकानाएवढी अक्कल लागते, बाकी सगळं कंपनी देते, असं तो म्हणायचा. पिल्लं कंपनीची, खाद्य कंपनीचं, औषध कंपनीचं. शेड, पाणी, लाइट आणि जागरण आपलं. चाळीस-बेचाळीस दिवसांनी गाडी येते, वजन होतं, कोंबड्या जातात, आपल्याला किलोमागे मजुरी मिळते. दोन बॅच त्यानं केल्या. तिसरीच्या तयारीत त्याला खोकला लागला, शेडमधल्या वासानं डोळे सुजले, आणि तेवढ्यात चाकणच्या कारखान्यातून बोलावणं आलं. सोमवारी तो पुण्याच्या गाडीत बसला. कंपनीला कळवायचं राहून गेलं, आणि गुरुवारी दुपारी फाटकाशी टेम्पो उभा राहिला. जाळीच्या खोक्यांत एकेका दिवसाची पिल्लं, वर ऊन.

"उतरवू का वापस नेऊ?" ड्रायव्हरनं विचारलं.

"वापस नेले तं?"

"अर्धे रस्त्यातच जातीन, मावशी."

विमलताईंनी खोक्यात वाकून पाहिलं. पिवळी, ओल्या डोळ्यांची, तोंड उघडून धापा टाकणारी. "उतरव," त्या म्हणाल्या. कुणाचा जीव जाऊ नये म्हणून त्यांनी तो धंदा हाती घेतला. हे त्यांना त्या दिवशी फार साधं वाटलं होतं.

मग त्या शिकल्या. खरं तर शिकण्यासारखं त्यांना फार नव्हतंच, कारण लेकरू कसं जगवायचं ते त्यांना येत होतं. पहिल्या दिवशी गुळाचं पाणी. खाली साळीच्या तुसाचा थर, त्यावर कागद. पिल्लं बल्बखाली गोळा झाली की थंडी वाजते आहे, बल्बपासून पळाली की उकडतं आहे, सगळीकडे सारखी पसरली की त्यांचं बरं चाललं आहे. पहाटे चारला उठून त्या शेडच्या दाराशी नुसत्या उभ्या राहायच्या आणि ऐकायच्या. आवाजावरून त्यांना कळायचं की पाण्याचं नळकांडं कुठं तुंबलंय, पडदा कुठल्या बाजूनं सैल झालाय, कुणाला सर्दी होणार आहे. दुसऱ्यांच्या शेडवर शंभरातली पाच-सहा मरायची, विमलताईंकडे दोनसुद्धा नाहीत. रजतच्या मोबाइलमध्ये त्यासाठी एक रकाना होता, मरतूक. बेचाळीसाव्या दिवशी जे व्हायचं त्याचा रकाना वेगळा होता, त्याचं नाव उचल.

त्या दिवशी विमलताई गावात नसायच्या. गाडी यायची म्हटलं की सकाळीच यष्टीत बसून भावाकडे केळापूरला जायच्या, दुसऱ्या दिवशी संध्याकाळी परत यायच्या. तोवर शेड रिकामं झालेलं असायचं. त्या काही विचारायच्या नाहीत, नानाजी काही सांगायचे नाहीत. तसू न तसू झाडून, चुना मारून त्या पुढच्या पिल्लांची तयारी करायच्या.

या सगळ्यात एक गोष्ट मात्र त्यांच्या मनासारखी झाली. नानाजींचं रविवारचं पातेलं बंद पडलं. वर्षभर रोज शेडमधून हिंडल्यावर त्यांना तो वास जेवणाच्या ताटातही यायला लागला. एका रविवारी ते गोठ्यात गेले, चूल पेटवली, थोडा वेळ बसले आणि तशीच विझवून स्वयंपाकघरात आले. "वरण उरलं हाय का?" एवढंच म्हणाले. तीस वर्षांच्या सांगण्यानं जे झालं नव्हतं, ते कोंबड्यांनी केलं. विमलताईंनी त्यांना तूप जास्तीचं वाढलं.

अशी सहा वर्षं गेली. मग ते साल आलं, ज्या साली श्रावण दोनदा आला.

अधिक महिना म्हणजे गावात देवळात पोथी. दुपारी तुरीची दाळ निवडून झाली की बायका जमायच्या. विमलताईंचा आवाज स्वच्छ, म्हणून वाचायला त्याच. पहिल्याच दिवशी पोथी मिटल्यावर त्या म्हणाल्या, "यंदा दोन श्रावण हायेत. दोन्ही पाळा. आपणच नाही, सगळ्या घरानं. दोन महिने कोणाच्याच घरी जिवाची हत्या नको." बायकांना ते पटलं. मैनाबाईनं, जी शेजारच्याच घरची, सगळ्यांत आधी हात वर केला. तिच्यामागे अकरा घरं झाली. पुरुषांनाही कळवण्यात आलं. नानाजी घरी म्हणाले, "तुया शेडमधी कालच पिल्लं उतरले. तू इकडे गिऱ्हाईक तोडून राह्यली."

"अकरा घरानं काय होते," विमलताई म्हणाल्या.

अकरा घरांनी काही झालं नसतं. पण त्या वर्षी जिल्हाभर अशीच कुणीतरी विमलताई गावोगाव पोथी वाचत होती. पहिला श्रावण लोकांनी पाळला, तो संपला तर दुसरा आला, आता मध्येच कुठं सोडायचा म्हणून तोही पाळला. कोंबडीचे भाव उतरत गेले, मग दुकानंच उघडेनात. कंपनीच्या हॅचरीत अंडी उबवायला घातली तेव्हा कॅलेंडर कुणी पाहिलं नव्हतं. पाहिलं असलं तरी एकच श्रावण मोजला असावा.

बेचाळीसावा दिवस उजाडला. विमलताईंनी पिशवी भरली, केळापूरला जायची साडी नेसली आणि रजतला फोन लावला. "गाडी कवा येते? मी निघू काय?"

"आज नाही, काकू. दोन-चार दिवस लागतीन."

त्यांनी साडी बदलली. चार दिवसांनी पुन्हा फोन केला. रजत म्हणाला, "काकू, उठावच नाही ना. कोणी घेऊनच नाही राह्यलं. श्रावण हाय."

"कोणाचा?"

"सगळ्याइचा," रजत म्हणाला. "तुमचा नाही काय?"

विमलताईंनी फोन ठेवला.

ब्रॉयलर हे जनावर चाळीस दिवसांसाठी बनवलेलं असतं, हे त्यांना तेव्हा पहिल्यांदा कळलं. आजवर त्यांनी त्याला बेचाळीस दिवसांपुढे पाहिलंच नव्हतं. पंचेचाळीसाव्या दिवसानंतर कोंबड्या चालेनाशा झाल्या. छाती पुढे वाढत होती, पाय तेवढेच राहिले होते. दोन पावलं टाकून त्या बसायच्या, बसल्या की पाण्यापर्यंत उठून जाता यायचं नाही. एखादी उभ्या उभ्या पंख फडफडवून उलटी पडायची आणि पाय ताणून मरायची. रजत त्याला सरळ हार्ट अटॅक म्हणायचा. शेड तेवढंच होतं, कोंबड्या मात्र आकारानं दीडपट झाल्या होत्या. विमलताई आणि नानाजी वाटी-वाटीनं पाणी त्यांच्या चोचीपाशी नेऊन ठेवायचे.

त्यात पावसानं दडी मारली होती. भाद्रपद तोंडावर आला तरी ऊन वैशाखासारखं. टिनावर तुराट्या पसरून नानाजींनी त्या ओल्या केल्या, पण लाइट दुपारी तीन-तीन तास जायची आणि पंखे थांबायचे.

विमलताईंना रोज फोन करायची सवय लागली. सकाळी एक, संध्याकाळी एक. "गाडी कवा येते?" ज्या गाडीचा आवाज ऐकू येऊ नये म्हणून त्यांनी सहा वर्षं नव्वद किलोमीटरचं तिकीट काढलं होतं, तिची त्या आता वाट पाहत होत्या. फाटकाशी ट्रॅक्टर वाजला तरी उठून बघायच्या.

एक दिवस दुपारी पोथी संपल्यावर त्यांनी मैनाबाईला थांबवून घेतलं. इकडचं तिकडचं झालं. मग विमलताई म्हणाल्या, "तुया घरी लेक-जावई येऊन राह्यले म्हणे."

"हाव, येत्या रविवारी."

"जावई खाणारा हाय ना?"

"हाय. पण दोन महिने सोडलं म्हणे त्यानं. म्याच सांगतलं त्याले. तूच नाही का म्हटलं, सगळ्या घरानं पाळा."

"म्हटलं होतं." विमलताई पोथीचं फडकं नीट करत राहिल्या. "पाव्हण्यासाठी एखाद्या दिवशी कोणी केलं, तं त्याचं काई पाप..." वाक्य पुढे गेलं नाही. आपल्या तोंडून काय निघत होतं ते त्यांना ऐकू आलं. मैनाबाई वाट बघत उभी. "काई नाही," विमलताई म्हणाल्या. "जा तू. लेकीले माया आशीर्वाद सांग."

त्या रात्री त्या जेवल्या नाहीत. नानाजींनी विचारलं तर उपास आहे म्हणाल्या. श्रावणात ते खोटंही वाटत नाही.

पंचावन्नाव्या दिवशी रजतनं सांगितलं की खाद्याची गाडीही उशिरा येईल, तेव्हा दिवसातून एकदाच द्या, तेही पहाटे. वजन रोखायचं आहे आणि दुपारच्या उन्हात पोट भरलेली कोंबडी टिकत नाही. विमलताईंनी दोन दिवस पाळलं. दुपारी शेडमध्ये गेलं की तीन हजार चोची रिकाम्या भांड्यांवर आपटायच्या. टिनाखाली तो आवाज त्यांना घरात, देवळात, सगळीकडे ऐकू यायला लागला. तिसऱ्या दिवशी नानाजी डोळा लागून पडले होते. विमलताईंनी कोठीतली घरची ज्वारी काढली, चार पोती, आणि शेडभर फिरून ओंजळी-ओंजळीनं टाकली. कोंबड्या खाऊन शांत झाल्या. शेडमध्ये किती दिवसांनी चांगलं वाटलं. त्या दाराशी बसून घाम पुसत राहिल्या.

अडीचला लाइट गेली. तीन वाजता पहिल्या कोंबडीनं मान टाकली, आणि मग ते थांबेना. भरल्या पोटी ऊन सोसेना, जागच्या जागी तोंड उघडून एकेक कलंडत गेली. नानाजी धावत आले, दोघांनी बादल्यांनी पाणी मारलं, पोत्यांनी वारा घातला. लाइट आली तोवर एकशे बारा गेल्या होत्या.

वावराच्या कडेला नानाजींनी खड्डा खणला. चुन्याचा थर, कोंबड्या, पुन्हा चुना. विमलताई एकेक आणून देत होत्या, फेकू देत नव्हत्या.

"उपाशी ठेवल्या असत्या तं जगल्या असत्या," त्या म्हणाल्या.

नानाजी फावड्यावर टेकले. बायकोला बरं वाटेल असं काहीतरी बोलावं म्हणून त्यांनी विचार केला, पण त्यांना खोटं पटकन सुचत नसे. "चार दिवस अजून जगल्या असत्या," ते म्हणाले. "मंग गाडी आली असती."

दुसऱ्या दिवशी सकाळी विमलताईंनी रजतला फोन केला नाही. त्यांनी कय्युमभाईंचा नंबर मागवून घेतला. कय्युमभाई दारव्ह्याचे कोंबडीचे व्यापारी. सहा वर्षं या शेडमधला माल बहुतेक तेच उचलत होते, पण दोघांनी एकमेकांना पाहिलं नव्हतं. ते यायचे तेव्हा विमलताई केळापूरला असायच्या.

"कय्युमभाऊ, मी शेडवाली विमल बोलतो. तुमी येऊन जा. हात जोडतो."

कय्युमभाई तासाभरात आले. पन्नाशीचा माणूस, पांढरी दाढी, उजवा पाय थोडा ओढत चालायचे. शेडमधून एक फेरी मारली, खाली बसून एका कोंबडीचे पाय चाचपले आणि तोंडानं चुकचुकले. "ताई, तुमचा माल मी दुकानात नेला ना, तं गिऱ्हाईक पाह्यतच राह्यते. एकेक मांडी लहान बाळासारखी. असा माल सहा वर्षांत मले कोणी नाही देल्ला. अन् आज हालत पाहा त्याची."

"घेऊन जा," विमलताई म्हणाल्या.

"कंपनीच्या चिठ्ठीशिवाय मी पंख बी नाही नेऊ शकत. अन् साडेतीन किलोचा नग कोण घेते? दोन किलोच्या वर माणूस विचारतच नाही." त्यांनी दाढीवरून हात फिरवला. "कर कवा हाय?"

पोळ्याच्या दुसऱ्या दिवसाला कर म्हणतात. श्रावणाच्या शेवटच्या दिवशी पोळा. बैलांना न्हाऊ घालायचं, रंगवायचं, पुरणपोळी खाऊ घालायची. दुसऱ्या दिवशी माणसांचा महिनाभराचा नियम सुटतो, आणि मग गावोगाव चौकाचौकांत मोठमोठे हंडे चढतात. यंदा दोन महिन्यांचा उपास सुटणार होता.

"परवा पोळा," विमलताई म्हणाल्या.

"मंग झालं. हंड्याले मोठाच नग लागते. कापाकापी कमी." कय्युमभाईंनी तिथूनच कंपनीत फोन लावला, हिंदीत बराच वेळ घासाघीस केली, मग दिग्रसच्या आणि नेरच्या दोघांना गाडी घेऊन या म्हणून सांगितलं. फोन खिशात टाकून म्हणाले, "परवा सकाळी पाच वाजता. सगळा शेड."

विमलताईंचे डोळे भरून आले. आपल्याला कशाचा आनंद झाला आहे हे त्यांना नीट माहीत होतं, म्हणून त्यांनी पदर डोळ्यांना लावला नाही. "जेवून जा," त्या म्हणाल्या. "आमच्याकडे साधं असते, वरण अन् अंबाडीची भाजी."

"तेच पाह्यजे," कय्युमभाई म्हणाले. "डॉक्टरनं मले चिकन-मटन बंद केलं, पाच वर्ष झाले. पायात युरिक ॲसिड. पाह्यता ना कसा चालतो? घरी नाहिद, मायी मोठी सून, सगळ्याइची बिर्याणी करते अन् मले दुधीभोपळा देते. दिवसभर कापतो, रात्री भोपळा खातो."

ओसरीवर नानाजी आणि कय्युमभाई शेजारी बसले. विमलताईंनी भाकरी टाकल्या. दोघंही मांसाबद्दल बोलत राहिले, खाणं सुटलेली माणसं बोलतात तसं, कोणत्या जत्रेत कोणाच्या हातचा रस्सा कसा होता ते. विमलताई ऐकत होत्या. आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी तो विषय थांबवला नाही.

पोळ्याच्या दिवशी पाचला गाड्या आल्या. विमलताईंनी साडीचा पदर खोचला आणि शेडच्या दाराशी उभ्या राहिल्या. नानाजींनी एकदा त्यांच्याकडे पाहिलं. "यष्टी सातची हाय," ते म्हणाले.

"माहीत हाय."

कोंबड्या पकडणारी माणसं एकेका हातात चार-चार पाय धरून उलट्या लटकवत नेतात. विमलताईंनी हे ऐकलं होतं, पाहिलं नव्हतं. पहिल्याच माणसाच्या हातात एका कोंबडीचा पाय मोडल्याचा आवाज आला. त्या पुढे झाल्या. "असं नाही न्यायचं. छातीखाली हात घाल. दोनच घे."

"मावशी, कापाले चालल्या, लग्नाले नाही," बादल नावाचा त्यांचा मुकादम म्हणाला.

"कापाले चालल्या तवा कापा. इथं पाय नको मोडू."

बादलनं कय्युमभाईंकडे पाहिलं. कय्युमभाई काट्यापाशी उभे होते. "ताई म्हणते तसं कर," ते म्हणाले.

वेळ दुप्पट लागला. ज्यांना उठता येत नव्हतं त्या विमलताईंनी स्वतः उचलल्या, दोन्ही हातांनी, छातीशी धरून. त्या जड आणि गरम होत्या, धडपडतसुद्धा नव्हत्या. क्रेटमध्ये ठेवताना एकीनं त्यांच्या बांगडीला चोच लावली. साडेतीनशे-चारशे कोंबड्या तरी त्यांनी अशा नेऊन दिल्या असतील. दहाच्या सुमारास शेवटची गाडी भरली.

वेशीपाशी ती गाडी अडकली, कारण समोरून पोळ्याचे बैल येत होते. शिंगांना बेगड, अंगावर झुली, गळ्यात घुंगरमाळा, पुढे वाजंत्री. लोक बैलांच्या पायांवर पाणी घालून पाया पडत होते. मैनाबाईही होती, पुरणपोळीचं ताट घेऊन. बैल जाईपर्यंत ड्रायव्हरनं इंजिन बंद ठेवलं. विमलताई फाटकाशी उभ्या राहून बघत होत्या. मग रस्ता मोकळा झाला.

दिवाळीनंतर कंपनीचा यवतमाळला मेळावा झाला. रजत स्वतः घ्यायला आला. विमलताईंना वाटलं, मेलेल्या कोंबड्यांबद्दल जाब विचारतील, म्हणून त्यांनी ज्वारीचं खरं काय ते सांगायचं ठरवलं होतं. पण व्यासपीठावर त्यांचं नाव पुकारलं ते बक्षिसासाठी. विदर्भ विभागात त्या हंगामात सगळ्यांत जास्त सरासरी वजनाची बॅच विमलताईंची होती, तीन किलो चारशे ऐंशी ग्रॅम. संगणकानं तसं काढलं होतं. संगणकात दिवस मोजलेले नव्हते, नुसतं वजन होतं.

शाल झाली, नारळ झाला, टाळ्या झाल्या. साहेबांनी माइक त्यांच्या हातात दिला आणि म्हणाले की ताईंनी आपलं गुपित सर्वांना सांगावं. समोर चारशे माणसं, मागच्या भिंतीपलीकडून बिर्याणीचा वास येत होता.

विमलताईंना पोथी वाचायची सवय, त्यामुळे माइकची भीती वाटली नाही. "गुपित काई नाही जी," त्या म्हणाल्या. "अंडे उबवायले टाकता तवा पंचांगात पाहत जा. अधिक महिना दर तीन वर्षानं येते."

सभागृहात मोठा हशा झाला. साहेबही हसले, जोरात टाळ्या वाजवल्या. विमलताई हसल्या नाहीत. पण कुणी तरी ते लिहून घ्यायला हवं होतं, म्हणून माइक सोडण्याआधी त्यांनी तेच वाक्य पुन्हा एकदा, सावकाश सांगितलं.